कागदोपत्री नाव वेगवेगळं : कोर्टात डिक्लेरेशनचा दावा कधी लावावा?

शाळेच्या दाखल्यावर ‘शेख रुकसाना बाबू’, आधारवर ‘रुखसानाबी बाबूलाल शेख’, निकाहनाम्यात ‘रुखसाना बेगम’ आणि रेशन कार्डावर नवऱ्याचं नाव जोडलेलं. बाई एकच, कागदावर मात्र चार. पासपोर्ट, पेन्शन किंवा वारसनोंद अडेपर्यंत आपल्या घरांत याकडे कुणाचं लक्षही जात नाही.

यात खोटेपणा काही नसतो. शिक्षकाने कानाला आलं तसं देवनागरीत लिहिलं, पुढे कुणीतरी त्याचं इंग्रजी केलं. शेख, सय्यद, पठाण कधी नावाच्या आधी तर कधी शेवटी गेले. बी, बानो, बेगम हे तर मानाने लावायचे शब्द, तेही नावात शिरले. सुप्रीम कोर्टाने ११ जुलै २०२४ रोजी आसाममधल्या नागरिकत्वाच्या एका खटल्यात, नावाच्या स्पेलिंगमधल्या किरकोळ फरकावरून माणसाला परदेशी ठरवता येत नाही, असा निकाल दिला. पण कार्यालयातला बाबू निकाल वाचून काम करत नाही, त्याला समोरचे दोन कागद जुळलेले हवे असतात.

बहुतेकजण आधी नोटरीकडे जाऊन ‘ही दोन्ही नावं माझीच’ असं प्रतिज्ञापत्र करतात. बँकेत किंवा गॅस एजन्सीत तेवढ्यावर भागतंही. मात्र ते आपलंच आपल्याबद्दलचं म्हणणं असतं. ते मान्य करायला कुणी बांधील नसतं.

कोर्टाआधी मूळ नोंद दुरुस्त होते का ते बघावं. जन्मनोंदीतली चूक जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ च्या कलम १५ खाली निबंधक दुरुस्त करू शकतात. शाळेच्या नोंदीचा अर्ज मूल शाळेत असतानाच मुख्याध्यापकांकडे द्यावा, शाळा सुटल्यावर ते अवघड होतं. आधारवरचं नाव साधारणपणे दोनदाच बदलता येतं. म्हणून आधी जन्मदाखला आणि शाळा, मग आधार. उलटं केलं की दुरुस्तीची संधी वाया जाते. राज्याच्या राजपत्रात नावबदल छापून घेणं हाही मार्ग आहे, पण तो नाव खरोखर बदलणाऱ्यासाठी. मरहूम वालिदांचं नाव राजपत्रात बदलता येत नाही, आणि वारसाची भानगड बहुतेक वेळा तिथेच असते. सातबारावर ‘बाबू इमाम’ आणि मृत्यूदाखल्यावर ‘शेख बाबूलाल इमामसाब’ असेल तर भावकी किंवा तलाठी विचारणारच, हा तोच कशावरून?

अशा वेळी दिवाणी न्यायालयात विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ३४ खाली घोषणेचा दावा लावता येतो. वकील त्याला ‘डिक्लेरेशन सूट’ म्हणतात. अमुक आणि तमुक ही एकाच व्यक्तीची नावं आहेत, असं कोर्टाने जाहीर करावं, ही मागणी. पण नुसतं ‘माझं नाव ठरवून द्या’ म्हणून चालत नाही. आपला कोणता हक्क किंवा दर्जा नाकारला गेला ते दाखवावं लागतं. म्हणून कार्यालयाकडून नकार लेखीच घ्या. दाव्याचा हक्क पहिल्यांदा निर्माण होतो तिथून तीन वर्षांची मुदत असते, तो कागद तिथेही कामी येतो.

जाणकार वकीलही कधी घाईत सोडून देतात अशा दोन गोष्टी आहेत. कलम ३४ मध्येच अट आहे की घोषणेशिवाय आणखी दाद मागता येत असेल तर ती मागायलाच हवी. म्हणजे ‘मी तीच आहे’ यासोबत ‘म्हणून अमुक नोंद दुरुस्त करा’ हेही मागा. दुसरं, कलम ३५ प्रमाणे ही घोषणा त्या दाव्यातल्या पक्षकारांवर आणि त्यांच्यामार्फत हक्क सांगणाऱ्यांवरच बंधनकारक असते. पेन्शन अडवली एका खात्याने आणि प्रतिवादी केलं फक्त घरच्या भावाला, तर हुकूमनामा हातात येईल, पण खातं म्हणेल, ‘आम्ही दाव्यात नव्हतो’. ज्यांनी अडवलं त्यांनाच प्रतिवादी करा. सरकार किंवा सरकारी अधिकारी प्रतिवादी असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस देऊन दोन महिने थांबावं लागतं. अगदी तातडी असेल तरच कोर्टाच्या परवानगीने आधी दावा लावता येतो.

समोरचा हजर झाला नाही तरी पुरावा द्यावाच लागतो. वाद सुरू होण्याआधीचे कागद वजनदार ठरतात. शाळेच्या जनरल रजिस्टरचा उतारा, काझींच्या निकाह रजिस्टरची नक्कल, जुनी मतदार यादी, फेरफार, जुनं रेशन कार्ड असं जे मिळेल ते जमवा. घरातल्या बुजुर्गांची साक्षही चालते, फक्त दोन्ही नावांनी हाक मारली जायची हे त्यांनी स्वतः पाहिलेलं असावं.

वकिलाची फी जड जात असेल तर जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ प्रमाणे महिलांना मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही. निकाल लागला की हुकूमनाम्याच्या तीन-चार प्रमाणित प्रती एकदमच काढून घ्या, कारण प्रत्येक कार्यालय एक ठेवून घेतं.