क्रीडागुरू, महाविद्यालय आणि मुंबईचे क्रिकेट

अमेरिकेच्या क्रीडाजीवनाचा विचार करताना ज्या व्यक्तीला वगळून चालत नाही, ती म्हणजे महाविद्यालयाचा क्रीडामार्गदर्शक होय. शिकागो विद्यापीठाने १८९२ साली एमॉस अलॉन्झो स्टॅग ह्यांस पाचारण केले, ते अध्यापकवर्गात स्थान देऊन. चाळीस वर्षे ते तेथे राहिले. पुढे जॉन वुडन ह्या एके काळच्या शाळामास्तराने लॉस एंजेलिस येथील कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बास्केटबॉल संघाकडून १९६४ ते १९७५ ह्या बारा हंगामांत दहा राष्ट्रीय अजिंक्यपदे मिळवून घेतली. शाळेतून हेरलेला मुलगा, त्याला शिष्यवृत्ती, महाविद्यालयात चार वर्षांची तयारी आणि त्यानंतर व्यावसायिक संघ, अशी तेथील वाट आहे. आणि तिच्या नाक्यावर हा मार्गदर्शक उभा असतो. आपल्याकडे त्याच्या जागी कोण होता, हा प्रश्न मुंबईच्या क्रिकेटला विचारून पाहण्यासारखा आहे.

आपल्या विद्यापीठांत खेळाचा उत्साह नव्हता असे मुळीच नाही. बारिया नामक पारशी गृहस्थांनी आपल्या दिवंगत पुत्राच्या स्मरणार्थ करंडक दिला आणि १९३५ पासून आंतरविद्यापीठीय क्रिकेटची रोहिंटन बारिया स्पर्धा सुरू झाली. पुण्यात तर प्राध्यापक आणि खेळाडू एकाच देहात नांदत होते. सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृत शिकविणारे दि. ब. देवधर ह्यांनी महाराष्ट्राच्या संघाचे नेतृत्व करून १९३९–४० व १९४०–४१ अशी लागोपाठ दोन वर्षे रणजी करंडक जिंकला, आणि पन्नाशीच्या उंबरठ्यावर असताना मुंबईविरुद्ध २४६ धावा काढल्या. परंतु देवधरांचे वेतन संस्कृतासाठी होते. खेळ हा त्यांच्या अध्यापनाचा भाग महाविद्यालयाने मानला, असे म्हणता येणार नाही. स्टॅग व देवधर ह्यांच्यातला हा भेद लहान दिसला, तरी पुढील सारा इतिहास त्यात आहे.

मुंबईत महाविद्यालयाने खेळाडू घडविल्याचे सर्वांत स्वच्छ उदाहरण दिलीप सरदेसाई ह्यांचे. मडगावचा हा मुलगा १९५७ साली कुटुंबासह मुंबईस आला. महाविद्यालयाचे क्रिकेट-मार्गदर्शक मन्या नाईक ह्यांनी त्याचे गुण ओळखले. १९५९–६० च्या रोहिंटन बारिया स्पर्धेत सरदेसायांनी ४३५ धावा केल्या. पुढच्या हंगामात भारतीय विद्यापीठांच्या संघातून पाहुण्या पाकिस्तानी संघाविरुद्ध पुण्यास ८७ धावा केल्या. आणि १९६१ साली कानपूरला ते इंग्लंडविरुद्ध पहिली कसोटी खेळले. गोव्याहून आलेला मुलगा चार वर्षांत कसोटीपटू होतो, आणि त्यातली प्रत्येक पायरी विद्यापीठाची आहे!

अजित वाडेकर ह्यांची गोष्ट निराळी. वडिलांची इच्छा मुलाने गणित शिकून अभियंता व्हावे अशी. बसमधून महाविद्यालयात जाताना बाळू गुप्ते, जे पुढे स्वतः कसोटी खेळले, ह्यांनी त्यांस संघात बारावा गडी म्हणून येण्याविषयी विचारले; दिवसाचा भत्ता तीन रुपये. मोह पडला तो तीन रुपयांचा! पण मैदानाशी गाठ पडली आणि ती सुटली नाही. येथे मार्गदर्शकाचे काम एका वरच्या वर्गातील विद्यार्थ्याने केले. पुढे स्टेट बँकेची नोकरी मिळाली आणि कसोटी संघात येण्यास १९६६ उजाडावे लागले, तोवर बँकेने चरितार्थ चालविला. अमेरिकेतील खेळाडूस जी निश्चिंती विद्यापीठ देते, ती मुंबईत बँका व कारखाने देत. टाइम्स ढाल ही कचेऱ्यांची स्पर्धा मुंबईत इतकी चुरशीची का होई, ह्याचे उत्तर ह्या पगारपत्रकांत आहे.

आणि मग १९७१. वेस्ट इंडीजच्या दौऱ्यावर वाडेकर कर्णधार होते. जमैकातील पहिल्या कसोटीत ७५ धावांत निम्मा संघ तंबूत परतला असता सरदेसायांनी एकनाथ सोलकरांसह १३७ धावांची भर घातली आणि स्वतः २१२ केल्या. त्या मालिकेत त्यांच्या एकूण धावा ६४२. नुकतेच सेंट झेवियर्स महाविद्यालयातून आलेले एकवीस वर्षांचे सुनील गावसकर चारच कसोटी खेळले व त्यांनी ७७४ धावा केल्या. मालिका भारताने जिंकली. वेस्ट इंडीजविरुद्धचा हा आपला पहिला मालिकाविजय असल्याचे सर्वांस ठाऊक आहे. परंतु कर्णधार व धावांचे हे दोन मुख्य धनी, तिघेही मुंबईच्या महाविद्यालयीन क्रिकेटातून आलेले होते, ह्याकडे मात्र फारसे लक्ष गेलेले नाही. प्रस्तुत लेखकाच्या मते विद्यापीठीय क्रिकेटचे ते सर्वोच्च यश होय. आणि उतरणही तेथूनच लागली.

कारण पुढच्या पिढीत खेळाडू महाविद्यालयाची वाट पाहीनासा झाला. स्टेट बँकेत नोकरी करणारे रमाकांत आचरेकर शिवाजी पार्कवर मुले घडवीत. त्यांच्या सांगण्यावरून सचिन तेंडुलकरने शाळा बदलून दादरच्या शारदाश्रमात नाव घातले; १९८८ साली हॅरिस ढालीच्या सामन्यात विनोद कांबळीसह ६६४ धावांची भागी झाली; १९८९ च्या नोव्हेंबरात सोळाव्या वर्षी कसोटी. महाविद्यालयाला त्यात शिरकावच उरला नाही. १९८८ पासून एकोणीस वर्षांखालील मुलांची विश्वस्पर्धा भरू लागली, २००८ साली व्यावसायिक लीग आली, आणि निवडकर्त्यांची नजर पदवीच्या वयाखाली उतरली. आंतरविद्यापीठीय सामने होत राहिले, परंतु कसोटीची वाट त्यांतून जाईनाशी झाली.

ह्याच काळात मुंबईची वस्ती उत्तरेकडे सरकत होती. अंधेरीस भवन्स महाविद्यालय १९४६ मध्ये निघाले, घाटकोपरनजीक विद्याविहारला सोमय्या, मुलुंडला १९८४ मध्ये वझे. पण क्रिकेटची मानाची मैदाने आझाद, क्रॉस व शिवाजी पार्क हीच राहिली. किटची पिशवी सांभाळीत लोकलच्या गर्दीत उभा राहणारा मुलगा हे उपनगरांचे नित्याचे दृश्य झाले. बोरिवलीचे उदाहरण ह्या दृष्टीने बोलके आहे. नागपुरात जन्मलेला रोहित शर्मा वडिलांच्या तुटपुंज्या मिळकतीमुळे बोरिवलीस आजीआजोबा व काकांकडे वाढला. १९९९ साली काकांनी पैसे भरून त्याला क्रिकेटच्या शिबिरात पाठविले. तेथे मार्गदर्शक दिनेश लाड ह्यांनी त्याला आपल्या स्वामी विवेकानंद शाळेत येण्यास सुचविले. महिन्याला २७५ रुपये शुल्क झेपणारे नव्हते, तेव्हा लाडांनी माफी मिळवून दिली. मुलगा ऑफस्पिन टाकीत असे. त्याची फलंदाजी लाडांच्या लक्षात आली व त्यांनी त्यास सलामीला पाठविले. २००६ मध्ये तो तरुणांची विश्वस्पर्धा खेळला, आणि २०२४ साली त्याच्या नेतृत्वाखाली भारताने विसावीस षटकांचा विश्वकरंडक जिंकला.

शाळेतून हेरणे, शुल्कमाफी, जागा बदलून नवे काम देणे, ही सारी अमेरिकन महाविद्यालयीन मार्गदर्शकाची कामे आहेत. फरक इतकाच की, आपल्याकडे ती बारा वर्षांच्या मुलाबाबत होतात. तेथील विद्यार्थी अठराव्या वर्षी निर्णय घेतो. त्या व्यवस्थेत दोष पुष्कळ आहेत, खेळाडूस मोबदला घेण्याची मुभा २०२१ पर्यंत नव्हती, तरी पदवी त्याच्या आवाक्यात असते. येथे खेळासाठी शाळा बदललेल्या शंभर मुलांपैकी यशस्वी होणाऱ्याचेच चरित्र लिहिले जाते. उरलेल्यांस पूर्वी बँक किंवा कारखाना सामावून घेई. त्या जागाही आता आटल्या आहेत.

लाडांचे दुसरे शिष्य शार्दूल ठाकूर पालघरकडचे. आगगाडीच्या रोजच्या प्रवासात मुलाचा खेळ खचू नये म्हणून लाडांनी त्यास आपल्या घरी ठेवून घेतले. हॅरिस ढालीत ह्या मुलाने एका षटकात सहा षटकार मारले. जानेवारी २०२१ मध्ये ब्रिस्बेनच्या कसोटीत त्याने ६७ धावा केल्या व सात गडी बाद केले. अमेरिकेत खेळाडूंच्या निवासाची सोय विद्यापीठ करते. बोरिवलीत ती एका शिक्षकाच्या बिऱ्हाडाने केली. २०२२ साली लाडांस द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला, आचरेकरांस तो १९९० मध्येच मिळाला होता. मन्या नाईक ह्यांचे नाव मात्र सरदेसायांच्या चरित्राच्या ओघात येते, तेवढेच.