परशुरामाचें कोंकण आणि खारबंदीचें कोंकण

पेण आणि रोहें या दोन गांवांच्या शाळांतून मीं पुष्कळ वर्षें इतिहास आणि भूगोल शिकविला. शिक्षकाच्या स्मरणांत स्वतःचीं उत्तरें फारशीं राहत नाहींत. मुलांचे प्रश्न मात्र राहतात. असाच एक प्रश्न आज श्रोत्यांपुढें मांडावयाचा आहे.

एकदां वर्गांत मी परशुरामाची कथा सांगत होतों. बाण सुटला, समुद्र हटला आणि कोंकण वर आलें, इतकें होतांच खारेपाटांतला एक आगरी मुलगा उभा राहिला. म्हणाला, "गुरुजी, परशुरामानं समुद्र एकदा मागं हटवला, तर माझे बाबा दर वर्षी बांधावर माती टाकायला का जातात?" वर्ग हंसला. मींहि तें हंसण्यावारी नेलें आणि पुढचा धडा काढला. माझें चुकलें, हें मला फार उशिरां कळलें.

कथा आपणां सर्वांस ठाऊक आहे. जिंकलेली सारी पृथ्वी परशुरामानें कश्यपास दिली. दिलेल्या भूमींत दात्यानें राहूं नये, म्हणून त्याला समुद्राकडे जावें लागलें. महाभारताच्या शांतिपर्वांत समुद्र त्याच्यासाठीं शूर्पारक नांवाचा देश निर्माण करतो. हें शूर्पारक म्हणजे वसईजवळचें नालासोपारें. तेथील स्तूप भगवानलाल इंद्रजी यांनीं १८८२ मध्यें उकरून काढला. कालिदासाच्या रघुवंशांतहि परशुरामाच्या अस्त्रानें हटलेल्या समुद्राचा उल्लेख आहे. पुढें सह्याद्रिखंडांत या बीजाचा वृक्ष झाला. हा ग्रंथ स्वतःला स्कंदपुराणाचा भाग म्हणवितो. गर्सन द कुन्हा यांनीं १८७७ मध्यें मुंबईस तो छापून काढिला. त्यांत या नव्या देशाला सीमा आहेत, तीर्थें आहेत, कुळांच्या उत्पत्ति आहेत, आणि कोणता गांव कोणत्या पापानें बुडाला याच्या हकीकतीहि आहेत. एखाद्या कवीनें मनांतलें राज्य रचावें, तसें हें राज्य रचलेलें आहे. भेद एवढाच कीं, त्यांत आपण प्रत्यक्ष राहतों.

त्याचा नकाशा मात्र काढूं जाल तर फसाल. सप्तकोंकण म्हणतात खरें, पण तीं सात कोणतीं याविषयीं यादी यादीशीं जुळत नाहीं. गोव्यांत बाण जेथें पडला ती बाणावली. केरळांत बाणच नाहीं. तेथें परशु फेंकला जातो, आणि गोकर्णापासून कन्याकुमारीपर्यंतची भूमि वर येते. म्हणजे एकाच किनाऱ्यावर प्रत्येक प्रांतानें आपल्या पायाखालची जमीन स्वतंत्रपणें समुद्रांतून काढून घेतलेली आहे! या सर्वांत एक श्रद्धा समान आहे: भूमि एकाच पराक्रमानें मिळाली आणि समुद्रानें दिलेला शब्द कायमचा पाळला.

भूगर्भशास्त्र वेगळेंच सांगतें. आमचा सह्याद्रि हा सुमारें साडेसहा कोटी वर्षांपूर्वीं वाहिलेल्या लाव्ह्याचा कातळ आहे. तो समुद्राच्या पोटांतून आलेला नाहीं. समुद्राचें म्हणाल, तर वीस हजार वर्षांपूर्वीं त्याची पातळी आजच्याहून शंभरावर मीटर खालीं होती. पुढें हिमयुगाचें बर्फ वितळत गेलें तसा तो आंत आला. कथेंत तो मागें जातो, प्रत्यक्षांत तो आपल्याकडे चालत आला. मग अंबा, भोगावती, कुंडलिका या नद्यांनीं घाटावरचा गाळ आणून खाड्यांच्या कडेला टाकला, त्यावर तिवरें वाढलीं, आणि खाजणें तयार झालीं.

या खाजणांचें शेत कसें होतें, तें शहरांतल्या श्रोत्यांनीं एकदां येऊन पाहावें. भांगाच्या भरतीला जें कोरडें राहतें पण उधाणाला बुडतें, असें खाजण निवडावयाचें. त्याच्या खाडीकडच्या अंगाला चिकण मातीचा बांध घालावयाचा आणि लाटेच्या तोंडाला दगड लावावयाचे. बांधांत उघाडी ठेवावयाची: भरतीचें पाणी बाहेरून दाबलें कीं तिची झडप मिटते, ओहोटी लागली कीं आंतलें पावसाचें पाणी ती ढकलून बाहेर जातें. पाऊस मातींतलें मीठ धूत जातो. पहिलीं कांहीं वर्षें भात येत नाहीं. मग काळा राता, भुरा राता अशीं खाऱ्या मातीला न डरणारीं तांबडीं भातें उभीं राहतात; पाणी सांचलेल्या तळ्यांत जिताडा वाढतो. आणि एखाद्या अमावास्येला खेकड्याच्या बिळांतून पाणी झिरपूं लागतें, पहांटेपर्यंत बांधाला खांड पडते, आणि मीठ पुन्हां शेतांत येतें. तें धुवून जायला पुन्हां पावसाळे मोजावे लागतात.

यांत वीर कोण, या प्रश्नाचें उत्तर जुन्या दप्तरांतून निराळें मिळतें. पेणकडे शिलोत्री नांवाची वहिवाट होती. बाहेरचा बांध ज्याच्या नांवें तो शिलोत्रीदार. डागडुजी त्याच्याकडे, आणि त्याबद्दल कसणाऱ्याकडून सरकारी साऱ्याखेरीज धान्य घेण्याचा हक्कहि त्याचाच. दप्तरांत नांव त्याचें राहिलें. डोक्यावर माती वाहणाऱ्या आगऱ्याचें नांव पुराणांत नाहीं, तसें तेथेंहि क्वचितच आहे. शेजारच्या अलिबाग तालुक्यांत, चरी येथें, १९३३ पासून १९३९ पर्यंत कुळांनीं खोतांच्या जमिनी कसण्याचें नाकारलें. नारायण नागू पाटील हे त्यांचे पुढारी होते. समुद्राकडून भूमि कोणी घेतली, हाच प्रश्न तेथें निराळ्या भाषेंत विचारला गेला, असें मला वाटतें. खारभूमीचा पहिला कायदा १९४८ मध्यें आला, दुसरा १९७९ मध्यें. तरीहि उधाणाच्या रात्रीं बांधावर कंदील घेऊन कायदा जात नाहीं, गांवच जातो.

याचा अर्थ मी कथा टाकून द्या म्हणतों असा नाहीं. रोह्यास दसऱ्याच्या सुमारास धावीर महाराजांच्या पालखीला सशस्त्र पोलिसांची मानवंदना होते. ती पाहतांना माझाहि ऊर भरून येतो. नारळी पौर्णिमेला कोळी समुद्राला नारळ अर्पण करतो, तेव्हां तो दर वर्षीं नव्यानें विनवणी करीत असतो. समुद्राचा शब्द कायमचा आहे, असें तो धरून चालत नाहीं. हा विचार बाणाच्या कथेपेक्षां त्या मुलाच्या प्रश्नाला जवळचा आहे.

त्या मुलाचें उरलेलें सांगून थांबतों. वार्षिक परीक्षेंत मीं कोंकणचा नकाशा काढावयास सांगितला होता. सर्वांनीं किनारा एका रेघेनें काढला. यानें दोन काढल्या, मधें एक छोटी फट ठेविली, आणि तिच्याशेजारीं लिहिलें, "उघाडी". नकाशाला प्रमाण दिलें नव्हतें, म्हणून मीं त्याचा एक गुण कापला.