हरलेल्याकडून लिहून घेतलेलं पत्र

एकदा हरलेला माणूस त्याच जमिनीसाठी परत दावा कसा काय लावतो? पुण्याच्या आसपास जमिनीला भाव आल्यापासून हा प्रश्न मला वारंवार विचारला जातो. आजोबांनी मिटवलेल्या वाटण्या नातू उकरून काढतायत.

आपल्याकडे यावर जुना तोडगा होता. मराठेशाहीत वतनाचा, शेताचा वाद गोतसभेपुढे यायचा. देशमुख, देशपांडे, पाटील, कुलकर्णी, बलुतेदार सगळे बसायचे. निकाल मान्य करू असं दोन्ही बाजूंकडून आधीच लिहून घ्यायचे, वर जामीन. निकालाचा महजर व्हायचा, त्यावर पाटील नांगराची निशाणी करायचा. जिंकलेल्याने सरकारात हरकी भरायची, हरलेल्याने गुन्हेगारी. (म्हणजे सरकार दोन्हीकडून कमवायचं!) पण खरी मेख यजितखतात. आपण हरलो, यावरून पुन्हा भांडणार नाही, असं हरलेल्याकडूनच लिहून घेऊन ते जिंकणाऱ्याच्या हाती द्यायचे. वि. त्रिं. गुणे यांचा मराठ्यांच्या न्यायपद्धतीवरचा इंग्रजी ग्रंथ डेक्कन कॉलेजने 1953 साली छापलाय, त्यात हे सगळं सापडेल. तरीही सत्ता बदलली की जुनी भांडणं नव्या कारभाऱ्यापुढे जायचीच.

इंग्रजांनी 1859 च्या दिवाणी कायद्यात एकदा निकाल झालेल्या कारणावर दुसरा दावा चालणार नाही, असं घातलं. आज तेच 1908 च्या संहितेतलं कलम 11. याला म्हणतात प्राङ्न्याय. शब्द नवा नाही. मिताक्षरेत प्रतिवादीच्या उत्तराचा तो एक प्रकार म्हणून येतो. कलम 11 वारसांनाही बांधतं. पहिल्या दाव्यात जो मुद्दा मांडायला हवा होता आणि मांडला नाही, तोही नंतर काढता येत नाही. मात्र फेरफाराची भांडणं प्रांत, अपर जिल्हाधिकारी, आयुक्त अशी वेगळ्याच जिन्याने चढतात, आणि तिथल्या निकालाने मालकी ठरत नाही. म्हणून एक दार बंद झालं की लोक दुसरं वाजवतात.

सतत खोटे दावे लावणाऱ्यांसाठी 1971 चा महाराष्ट्राचा स्वतंत्र कायदा आहे. महाधिवक्त्यांच्या अर्जावर हायकोर्ट अशा माणसाला परवानगीशिवाय दावा लावायला बंदी करू शकतं. पण गावातला शेतकरी महाधिवक्त्यांपर्यंत पोचणार कधी?

त्यामुळे उरतं कलम 11. तेही आपोआप लागू होत नाही. बेळगावच्या एका मालमत्तेच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने 2021 मध्ये सांगितलं, की प्राङ्न्यायाच्या मुद्द्यावर वादपत्र सुरुवातीलाच फेटाळता येत नाही. आधीच्या दाव्यातलं वादपत्र, कैफियत, मुद्दे, निकाल हे सगळं तपासावं लागतं. म्हणजे जिंकलेल्याने पुन्हा कोर्टात उभं राहायचं आणि जुने कागद दाखवायचे. यजितखत हरलेला लिहून द्यायचा, आता सगळा भार जिंकलेल्यावर.

आणि कोर्टातलं सगळं रेकॉर्ड कायम ठेवत नाहीत, मुदत संपली की बरेच कागद नष्ट होतात. घरात नुसत्या निकालाची प्रत असेल, तर वादपत्र आणि कैफियतीच्याही सहीशिक्क्याच्या नकला आत्ताच काढून ठेवा.