सेव्ह पुसली, मग उरलं काय? गेम बॉयच्या कार्ट्रिजकडून शिकण्यासारखं

रिसर्च प्रपोजलमध्ये एक परिच्छेद ठरलेला असतो: 'साधनांच्या मर्यादा'. बहुतेक जण तिथे एक वाक्य टाकून मोकळे होतात, 'या काळातील काही कागदपत्रे उपलब्ध नाहीत.' पण उपलब्ध नाहीत म्हणजे नेमकं काय झालं? ती लिहिलीच गेली नव्हती? लिहिली गेली, पण काळाच्या ओघात झिजली? की कोणी मुद्दाम नष्ट केली? वरवर तिन्हींचा परिणाम एकच दिसतो, आपल्या हाती काही नाही. पण इतिहास लिहिताना या तिन्हींतून तीन वेगळे निष्कर्ष निघतात.

हा फरक समजावून घ्यायला आज मी एक पोरकट वाटेल असं उदाहरण घेतोय: गेम बॉयवरच्या पोकेमॉनची सेव्ह पुसून खेळ पहिल्यापासून सुरू करणं. या उदाहरणाचा फायदा असा, की इथे पुसण्याची क्रिया अगदी एकेका बाइटपर्यंत तपासता येते. जुन्या दफ्तरांच्या बाबतीत ही चैन क्वचितच मिळते.

पुसायला आधी काही साठवलेलं हवं

आपल्याकडे ज्यांनी टीव्ही गेमवर मारिओ खेळलाय त्यांना आठवत असेल, स्विच बंद केला की सगळं गेलं. १९८५ च्या 'सुपर मारिओ ब्रदर्स'मध्ये प्रगती साठवायची सोयच नव्हती. त्यामुळे पुसण्याचा प्रश्नही नव्हता.

१९८६ मध्ये जपानमध्ये आलेल्या 'ड्रॅगन क्वेस्ट'ने वेगळी वाट काढली. थांबायच्या वेळी खेळ तुम्हाला एक लांबलचक अक्षरमाला द्यायचा. ती वहीत उतरवून ठेवायची आणि पुढच्या वेळी टाइप करायची. जपानी भाषेत तिला 'पुनरुज्जीवनाचा मंत्र' अशा अर्थाचं नाव होतं. दुसऱ्या भागात (१९८७) हा मंत्र ५२ अक्षरांपर्यंत जायचा. उतरवताना एक अक्षर चुकलं की पहिले पाढे पंचावन्न.

इथे इतिहासकाराने थांबून बघावं. या पद्धतीत खेळाडूची नोंद यंत्रात नाही, घरातल्या वहीत आहे. अशी वही आज कोणाच्या माळ्यावर सापडली, तर तो मंत्र टाइप करून त्या खेळाडूची त्या दिवशीची स्थिती पुन्हा उभी करता येते.

पुढची पायरी बॅटरीची. 'द लेजंड ऑफ झेल्डा' १९८६ मध्ये जपानमध्ये डिस्कवर आला, तर १९८७ मध्ये अमेरिकेत कार्ट्रिजवर, म्हणजे आपण जिला 'कॅसेट' म्हणायचो तिच्यावर. त्या कार्ट्रिजमध्ये एक छोटी मेमरी चिप आणि तिला जिवंत ठेवणारा गोल सेल होता. १९८८ मध्ये 'ड्रॅगन क्वेस्ट'चा तिसरा भागही बॅटरीवर गेला आणि सेव्हला नाव मिळालं 'साहसाची वही'. वही घरातून निघून यंत्रात शिरली. आता ती पुसता येणार होती.

एकच वही

निन्टेन्डोचा गेम बॉय १९८९ मध्ये आला. त्यावर २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानमध्ये 'पोकेमॉन'चे रेड आणि ग्रीन हे दोन भाग निघाले, आणि १९९८ मध्ये अमेरिकेत रेड आणि ब्लू. एका कार्ट्रिजमध्ये एकच सेव्ह. घरात दोन भावंडं आणि एक कार्ट्रिज असेल, तर एकाची सुरुवात म्हणजे दुसऱ्याचा शेवट.

तरीही लोक आपखुशीने पहिल्यापासून सुरू करायचे, आणि याचं कारण खेळाच्या रचनेतच होतं. सुरुवातीला तीन पोकेमॉनपैकी एकच निवडता येतो, उरलेले दोन त्या खेळात पुन्हा मिळत नाहीत. संग्रह पूर्ण करायचा तर केबल जोडून मित्राशी देवाणघेवाण करायची. मग एक युक्ती निघाली: आपला पोकेमॉन मित्राच्या कार्ट्रिजमध्ये ठेवायला द्यायचा, सेव्ह घालवायची, नव्याने सुरू करून दुसरा निवडायचा. म्हणजे सेव्ह घालवण्याआधी मोलाचं सामान शेजारी हलवलं जात होतं. पुनश्च हरिओम होता, पण हातचं राखून.

पुसण्याचे दोन प्रकार

आता मुद्द्याचं. या खेळाच्या इंग्रजी आवृत्तीचा कोड हौशी अभ्यासकांनी परत उकलून वाचनीय केला आहे. त्यात दिसतं, की सेव्ह घालवण्याचे दोन मार्ग आहेत आणि ते अजिबात सारखे नाहीत.

पहिला मार्ग छुपा. शीर्षकाच्या पडद्यावर अप, सिलेक्ट आणि बी ही बटणं एकत्र दाबायची. मेन्यूमध्ये हा पर्याय कुठेच नाही, तो माहीत असावा लागतो. मग खेळ विचारतो, सगळी माहिती पुसू का? उत्तरांत 'नाही' आधी आणि 'हो' नंतर. 'हो' म्हटलं की ३२ किलोबाइटच्या त्या मेमरीतल्या प्रत्येक बाइटमध्ये २५५ हा आकडा लिहिला जातो, म्हणजे आठही बिट १. कोरी पाटी म्हणतो तीसुद्धा इथे एक लिखाण आहे. कोणीतरी ठरवून, पानभर एकच अक्षर गिरवलेलं आहे.

दुसरा मार्ग रोजचा. मेन्यूतून नवा खेळ सुरू करायचा. एवढ्याने जुनी सेव्ह जात नाही. नव्या खेळात पहिल्यांदा सेव्ह करताना मात्र खेळ बजावतो, की जुनी फाइल पुसली जाईल, चालेल ना? 'हो' म्हटलं की खेळाडूचं नाव, प्रवास आणि सोबतचे सहा पोकेमॉन यांच्या जागी नवी माहिती येते.

पण पोकेमॉन साठवायच्या १२ पेट्या असतात, प्रत्येकीत २० जागा. जुन्या खेळाडूने त्या वापरल्या असतील, तर या सेव्हने त्यांना हातही लागत नाही. नवा खेळाडू पहिल्यांदा पेटी बदलतो तेव्हा खेळ सगळ्या पेट्या 'रिकाम्या' करतो. ते कसं? प्रत्येक पेटीच्या सुरुवातीला संख्या शून्य लिहितो आणि लगेच यादी संपल्याची खूण करतो. बस्स, दोन बाइट. न वापरलेल्या पेट्यांत, त्या खुणेच्या पलीकडे, जुने पोकेमॉन तसेच पडून असतात. प्रत्येकासोबत त्याच्या मूळ मालकाचं नावही असतं.

थोडक्यात, दुसऱ्या प्रकारात वही पुसलेली नसते, फक्त अनुक्रमणिका फाडलेली असते. पडद्यावर दोन्ही सारखेच दिसतात. मेमरीची प्रत काढून बघितली तरच फरक कळतो.

शेजारच्या दफ्तरात

समजा पहिल्या मार्गाने सगळं पुसलं. तरी एक जागा उरते, मित्राचं कार्ट्रिज. दिलेल्या प्रत्येक पोकेमॉनवर मूळ मालकाचं नाव आणि ० ते ६५,५३५ मधला एक ओळख क्रमांक कोरलेला असतो, आणि हात बदलले तरी तो बदलत नाही. पत्रव्यवहारावर काम करणाऱ्यांना हे ओळखीचं वाटेल. मूळ पत्र लिहिणाऱ्याच्या घरी सापडत नाही, ज्याला पाठवलं त्याच्या दफ्तरात सापडतं.

यात एक गंमत आहे. नव्या खेळात खेळाडूने अगदी तेच नाव घेतलं, तरी ओळख क्रमांक नव्याने, यादृच्छिक पडतो. मित्राकडे ठेवलेला पोकेमॉन परत घेतला तर खेळ त्याला परक्याचा समजतो. त्याला अनुभवाचे गुण दीडपट मिळतात, आणि पुरेसे बिल्ले जिंकलेले नसतील तर मोठ्या लेव्हलचा पोकेमॉन हुकूमही पाळत नाही. खेळाडू तोच, नाव तेच, पण नोंदीच्या लेखी तो दुसरा माणूस. एकाच नावाच्या दोन नोंदी एकाच व्यक्तीच्या धरण्याआधी हे लक्षात ठेवा. उलटही खरं आहे: दोन वेगळे क्रमांक एकाच व्यक्तीचे असू शकतात.

पुसलेलं, झिजलेलं आणि न वाचता आलेलं

हे सगळं कायम टिकणारं नाही. कार्ट्रिजमधला सेल सोल्डर केलेला असतो आणि तो कधी ना कधी संपतो. १९९९ च्या गोल्ड आणि सिल्व्हर भागांत त्याच सेलवर घड्याळही चालतं, त्यामुळे तो आणखी लवकर संपतो. सेल संपला की मेमरीत अर्थहीन बिट उरतात. नवा सेल बसवायचा तर जुना काढावा लागतो, आणि आधी प्रत काढलेली नसेल किंवा बाहेरून वीज दिलेली नसेल, तर दुरुस्तीतच सेव्ह जाते.

म्हणजे सगळीकडे २५५ दिसलं तर कोणीतरी मुद्दाम पुसलंय, आणि अस्ताव्यस्त दिसलं तर सेल संपलाय, असं म्हणायचं का? जवळपास. पण दोन अडचणी आहेत. एक, पुसलेल्या कार्ट्रिजचा सेल नंतर संपला, तर पुसल्याचा पुरावाही जातो. दोन, वाचणारं उपकरण नीट बसलं नसेल किंवा मेमरी चालू झाली नसेल, तरीही अनेकदा सगळीकडे २५५ च दिसतं. तेव्हा साधन रिकामं आहे की आपली नजर अधू आहे? मेमरीत काहीतरी लिहून, ते परत वाचता येतं का हे बघितलं तर कळेल. पण मग आपणच साधन बदललेलं असेल. म्हणून आधी संपर्क साफ करायचे, पुन्हा पुन्हा वाचायचं, प्रत्येक वाचनाची प्रत जपायची आणि निष्कर्ष सर्वांत शेवटी काढायचा.

या खेळाचा प्रोग्रॅम मात्र हरवण्याची भीती नाही. तो लाखो कार्ट्रिजमध्ये सारखाच आहे. सेव्ह मात्र प्रत्येकात वेगळी, आणि म्हणून एकुलती एक. प्रोग्रॅम सांगतो की बनवणाऱ्यांनी काय योजलं होतं. मुलांनी त्याचं काय केलं, हे फक्त सेव्ह सांगते. छापील पुस्तक जपलं आणि समासातल्या नोंदी असलेली प्रत रद्दीत घातली, असाच हा प्रकार.

पुसता न येणारी सेव्ह

पुसण्याचा अधिकार किती गृहीत धरला जात होता, ते तो काढून घेतल्यावर कळलं. २०११ मध्ये कॅपकॉमने निन्टेन्डो ३डीएसवर 'रेसिडेंट ईव्हिल: द मर्सिनरीज ३डी' आणला. त्यातली प्रगती एकदा साठली की पुसून पहिल्यापासून सुरू करता येत नव्हतं. सेकंड-हँड घेणाऱ्याला आधीच्या मालकाने उघडलेला खेळ मिळणार, म्हणून मोठी ओरड झाली. वापरलेल्या खेळांच्या विक्रीचा या निर्णयाशी संबंध नाही, असं कॅपकॉमने स्पष्टीकरण दिलं. संशोधकाला असं कार्ट्रिज म्हणजे आदर्श साधन वाटेल, पण खेळणाऱ्यांना तो अन्याय वाटला. जपणं नेहमीच चांगलं, हे आपलं व्यावसायिक गृहीतक आहे, सगळ्यांचं नाही.

इथून एक अवघड प्रश्न येतो. जुन्या बाजारातून आणलेल्या कार्ट्रिजच्या पेट्यांत एखाद्या मुलाचं नाव सापडलं, तर ते वाचायचं का? त्याने 'पुसू का?' ला 'हो' म्हटलं होतं. यंत्राने दोनच बाइट बदलले, हा तांत्रिक योगायोग. त्याची इच्छा स्पष्ट होती. माझं मत असं: पेट्यांचा अभ्यास करावा, कोणते पोकेमॉन ठेवले आणि कोणत्या लेव्हलचे, ते नोंदवावं, पण नाव छापू नये. अवशेष सापडला म्हणजे परवानगी मिळाली असं होत नाही. मुलाखती, डायऱ्या, जुने फोन यांवर काम करणाऱ्या प्रत्येकाला हा प्रश्न कधी ना कधी भेटणारच आहे.

तर आता तुमच्या प्रपोजलकडे या. 'उपलब्ध नाहीत' हे वाक्य खोडा आणि त्या जागी चार प्रश्नांची उत्तरं लिहा. नोंद कधी झालीच नव्हती, झिजली, की पुसली? पुसली असेल तर कोणी, आणि कशाची सुरुवात करण्यासाठी? पूर्ण पुसली, की फक्त यादीतून काढली? आणि तिचा एखादा तुकडा दुसऱ्या कोणाच्या दफ्तरात गेला असेल का? चौथ्या प्रश्नाचं उत्तर शोधायला बहुधा गाव बदलावं लागतं, तेव्हा फील्डवर्कच्या वेळापत्रकात त्यासाठी दोन आठवडे जास्तीचे धरा.