परवडणाऱ्या छोट्या मोटारीचा शोध : ‘मीरा’ ते ‘नॅनो’
(सातारा-सांगली परिसराच्या संदर्भात एक ऐतिहासिक व तुलनात्मक अभ्यास)

१. प्रस्तावना

भारतीय मोटारउद्योगाचा इतिहास सामान्यतः कुर्ला, उत्तरपारा, चेन्नई, गुडगाव आणि पिंपरी या केंद्रांच्या आधारे लिहिला जातो. सातारा व सांगली या शहरांचा त्यात क्वचितच उल्लेख येतो, आणि आलाच तर तो ‘बाजारपेठ’ म्हणून. परंतु शहरातल्या शहरात रोज वापरता येईल अशा स्वस्त छोट्या वाहनाच्या इतिहासातील तीन महत्त्वाच्या घटना याच परिसराशी निगडित आहेत. पहिली, इचलकरंजी येथे १९४५ ते १९७५ या काळात घडलेली ‘मीरा’ मोटार. दुसरी, १९७५ मध्ये सातारा येथे स्थापन झालेला स्कूटरचा कारखाना. तिसरी, २०२१ मध्ये सांगली जिल्ह्यातील देवराष्ट्रे येथे एका कारागिराने भंगारातील सुट्या भागांतून तयार केलेली चारचाकी. इचलकरंजी प्रशासकीयदृष्ट्या कोल्हापूर जिल्ह्यात असले, तरी सांगलीशी असलेली तिची भौगोलिक व व्यापारी जवळीक लक्षात घेऊन तिचा येथे समावेश केला आहे.

मोटार ‘परवडणारी’ कशामुळे ठरते, या प्रश्नाचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे. कमी किमतीमुळे, असे उत्तर सहज दिले जाते. मात्र गेल्या पाऊणशे वर्षांचा इतिहास पाहता, कमी किमतीचे उद्दिष्ट घेऊन पुढे आलेल्या मोटारीच अपयशी ठरल्या आणि त्यांच्याहून महाग मोटार यशस्वी झाली, असे दिसून येते. या विसंगतीचा उलगडा करणे हे या लेखनाचे मुख्य प्रयोजन आहे.

२. अभ्यासाचे निकष

तुलनेसाठी चार निकष घेतले आहेत : (अ) खरेदीची किंमत, (आ) प्राप्यता, म्हणजे उत्पादकाला परवाना व ग्राहकाला गाडी प्रत्यक्ष मिळण्याची शक्यता, (इ) इंधनासह रोजचा वापरखर्च आणि (ई) गावातल्या गॅरेजमध्ये दुरुस्ती होण्याची सोय. यांना स्थानिक भूगोलाची जोड देणे आवश्यक आहे. सातारा हे अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याशी वसलेले, चढउतारांचे शहर आहे. राजपथावरून राजवाड्याकडे जाताना इंजिनाची ओढण्याची ताकद महत्त्वाची ठरते. सांगली कृष्णाकाठच्या सपाटीवर वसली असली, तरी गणपती पेठ, हरभट रोड या भागांतील गर्दीत गाडीची रुंदी आणि वळणाची त्रिज्या निर्णायक ठरते. शिवाय २००५, २०१९ व २०२१ च्या महापुरांचा अनुभव पाहता, पाण्यात गेलेली गाडी पुन्हा चालू करता येणे ही सांगलीकराच्या दृष्टीने किरकोळ बाब नाही.

३. कारखानदारीची पार्श्वभूमी

मोटार बांधण्याचे धाडस या परिसरात अकस्मात निर्माण झालेले नाही. लक्ष्मणराव किर्लोस्कर यांनी १९१० मध्ये तत्कालीन औंध संस्थानाच्या हद्दीत किर्लोस्करवाडी वसवली. हे गाव आज सांगली जिल्ह्यात आहे. लोखंडी नांगरापासून सुरू झालेल्या या उद्योगाने ओतकाम व यंत्रकाम जाणणारा कामगारवर्ग तयार केला. सातारारोड येथे धनजीशा कूपर यांचा कारखाना नांगरांकडून डिझेल इंजिनांकडे वळला आणि पुढे वालचंद समूहाकडे गेला. याच वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये प्रीमियर ऑटोमोबाइल्स ही कंपनी स्थापन केली आणि सांगलीत १९४७ मध्ये सुरू झालेल्या अभियांत्रिकी महाविद्यालयाला पुढे त्यांचेच नाव देण्यात आले. म्हणजेच ओतशाळा, लेथ, इंजिनाचे ज्ञान आणि अभियांत्रिकी शिक्षण या मोटारीसाठी लागणाऱ्या चारही गोष्टी स्वातंत्र्याच्या सुमारास या टापूत उपलब्ध होत्या.

४. परवानाकाळातील मोटार

१९५१ च्या औद्योगिक (विकास व नियमन) कायद्याने कोणी काय व किती बनवायचे हा निर्णय केंद्र शासनाच्या हाती गेला. १९५३ च्या प्रशुल्क आयोगाच्या शिफारशींनंतर केवळ जुळणी करणाऱ्या परदेशी कंपन्यांनी काढता पाय घेतला आणि मध्यमवर्गीय ग्राहकासमोर मुख्यतः तीन पर्याय उरले : १४८९ घनसेंमी इंजिनाची अॅम्बॅसेडर, १०८९ घनसेंमीची फियाट ११०० (जिचे पुढे ‘प्रीमियर पद्मिनी’ असे नामांतर झाले) आणि १९६१ पासून मिळू लागलेली ९४८ घनसेंमीची स्टँडर्ड हेराल्ड.

शहरी वापराच्या दृष्टीने पाहता, सुमारे ४.३ मीटर लांबीची अॅम्बॅसेडर पेठेतील बोळांसाठी अवजड होती. सुमारे ३.९ मीटर लांब आणि दीड मीटरहून किंचित कमी रुंद असलेली फियाट त्या मानाने सोयीची होती. दुरुस्तीच्या निकषावर मात्र दोन्ही गाड्या उत्तम उतरत. बॉनेट उघडल्यावर गावातल्या फिटरला प्रत्येक भाग दिसत असे आणि हाताने सोडवता येत असे. खरी अडचण प्राप्यतेची होती. १९५९ च्या नियंत्रण आदेशाने मोटारींचे वितरण व विक्री शासकीय नियंत्रणाखाली आली, प्रतीक्षायादी वर्षानुवर्षे लांबली आणि पैसे असूनही गाडी मिळत नाही अशी स्थिती निर्माण झाली. एल. के. झा समितीने १९६० मध्येच कमी किमतीच्या मोटारीचा विचार पुढे मांडला होता. तथापि परकीय चलनाची टंचाई आणि खासगी मोटार ही चैनीची वस्तू होय ही धारणा यांमुळे हा प्रश्न दोन दशके रेंगाळला.

५. ‘मीरा’ : बांधता आली, विकता आली नाही

या पार्श्वभूमीवर इचलकरंजीच्या शंकरराव कुलकर्णी यांच्या प्रयत्नाचे महत्त्व ध्यानात येते. १९४५ च्या सुमारास त्यांनी छोट्या मोटारीवर काम सुरू केले आणि १९७५ पर्यंत एकामागून एक सुधारित नमुने तयार केले. दोन दरवाजांची, आटोपशीर बांध्याची ही गाडी ‘मीरा’ या नावाने ओळखली जाते. इंजिन मागील बाजूस होते, धक्के शोषण्यासाठी पोलादी पाट्यांऐवजी रबराची योजना केली होती आणि लिटरमागे सुमारे वीस किलोमीटर अंतर जाण्याची तिची क्षमता सांगितली जाते. सत्तरच्या दशकाच्या मध्यास तिची अपेक्षित किंमत बारा हजार रुपयांच्या आसपास होती.

आपल्या निकषांवर तपासल्यास किंमत, वापरखर्च आणि दुरुस्ती या तिन्ही बाबतींत ‘मीरा’ समाधानकारक ठरते. ती याच परिसरातील साधनांनी घडली असल्याने तिचा सुटा भाग येथेच तयार होऊ शकत होता. ती अडली ती प्राप्यतेच्या निकषावर. ती रस्त्यावर धावली, परंतु कारखान्यातून बाजारात कधीच आली नाही. एका माणसाने एक मोटार बांधण्यास व्यवस्थेची हरकत नव्हती. हजार मोटारी बांधण्यासाठी लागणारा परवाना, भांडवल आणि शासकीय पाठबळ मात्र त्याच्या आवाक्याबाहेर होते.

याच काळात संजय गांधी यांच्या नियोजित छोट्या मोटारीसाठी १९७० मध्ये इरादापत्र देण्यात आले आणि १९७१ मध्ये मारुती लिमिटेड ही कंपनी स्थापन झाली. त्या कारखान्यातून विक्रीयोग्य मोटारींचे उत्पादन होऊ शकले नाही आणि १९७७ च्या सत्तांतरानंतर कंपनी अवसायनात निघाली. एकीकडे परवाना होता पण चालणारी मोटार नव्हती, दुसरीकडे चालणारी मोटार होती पण परवाना नव्हता. परवानाकाळाचे याहून नेमके वर्णन करणे कठीण आहे.

६. साताऱ्याची स्कूटर : मोटारीचा पर्याय

‘मीरा’चा अखेरचा नमुना ज्या वर्षी तयार झाला, त्याच १९७५ मध्ये साताऱ्यात महाराष्ट्र स्कूटर्स लिमिटेडची स्थापना झाली. पश्चिम महाराष्ट्र विकास महामंडळ आणि बजाज ऑटो यांचा हा संयुक्त प्रकल्प होता. येथून बाहेर पडणारी ‘प्रिया’ स्कूटर व्हेस्पाच्या आराखड्यावर आधारलेली होती. बजाजचा मूळ इटालियन कंपनीशी असलेला करार १९७१ मध्ये संपुष्टात आला होता.

हा योगायोग अर्थपूर्ण आहे. राज्य शासनाचे औद्योगिक भांडवल या परिसरात आले. परंतु ते स्थानिक कल्पनेतून जन्मलेल्या चारचाकीत न गुंतता, सिद्ध झालेल्या परदेशी आराखड्यावरील दुचाकीत गुंतले. महामंडळाच्या बाजूने पाहिल्यास हा निर्णय असमंजस म्हणता येणार नाही. स्कूटरला मागणी निश्चित होती, तंत्र हाताशी होते आणि जोखीम कमी होती. साताऱ्याला त्यातून रोजगार व लघुउद्योगांना काम मिळाले. मात्र त्याचा सामाजिक परिणाम असा की, पुढील दोन-तीन दशके मध्यमवर्गीय कुटुंबाची ‘मोटार’ म्हणजे स्कूटरच राहिली. पुढे एक मूल उभे, मागे पत्नी आणि तिच्या मांडीवर दुसरे मूल, हे दृश्य ज्या टंचाईतून निर्माण झाले तिचा इतिहास सातारा व इचलकरंजी या दोन ठिकाणांमधून वाचता येतो. साताऱ्यातील गिअरच्या स्कूटरचे उत्पादन २००६ मध्ये थांबले.

७. मारुती ८०० : महाग असूनही परवडलेली

१९८० मध्ये मारुतीचे राष्ट्रीयीकरण झाले, १९८१ मध्ये मारुती उद्योग लिमिटेडची स्थापना झाली आणि १९८२ मध्ये जपानच्या सुझुकी कंपनीशी करार झाला. १४ डिसेंबर १९८३ रोजी पहिली मोटार ग्राहकाच्या हाती पडली. ७९६ घनसेंमीचे तीन सिलिंडरचे इंजिन, सुमारे ३.३ मीटर लांबी व साडेसहाशे किलोच्या आसपास वजन ही तिची वैशिष्ट्ये. पद्मिनीपेक्षा ती कितीतरी हलकी होती आणि त्यामुळे चढावर लहान इंजिनही पुरेसे ठरत असे.

आरंभीची तिची किंमत पन्नास हजारांच्या घरात होती. ‘मीरा’च्या अपेक्षित किमतीशी तिची तुलना करताना मधल्या वर्षांतील भाववाढ लक्षात घेतली पाहिजे. तरीही ही मोटार सामान्य पगारदाराच्या सहज आवाक्यातील नव्हती, हे मान्य करावे लागेल. ती परवडली ती अन्य तीन निकषांमुळे. शासन स्वतःच भागीदार असल्याने परवान्याचा प्रश्न उरला नाही, इंधन कमी लागले आणि जिल्ह्याच्या ठिकाणांपर्यंत सेवाकेंद्रे व सुटे भाग पोहोचले. जुन्या गाडीला चांगला भाव मिळत असल्याने खरेदीचा काही अंश परत मिळण्याची खात्री होती. उदारीकरणानंतर हप्त्याने कर्ज मिळू लागले, तेव्हा किमतीचा अडसरही सौम्य झाला. तीन दशके चाललेले तिचे उत्पादन जानेवारी २०१४ मध्ये थांबले.

८. नॅनो : स्वस्त असूनही न परवडलेली

स्कूटरवरून पावसात जाणारे चौघांचे कुटुंब पाहून आपल्याला लाख रुपयांच्या मोटारीची कल्पना सुचली, असे रतन टाटा यांनी सांगितले होते. त्या अर्थाने नॅनो ही साताऱ्यासारख्या गावांतील स्कूटरधारकासाठीच होती. जानेवारी २००८ मध्ये ती प्रदर्शित झाली आणि मार्च २००९ मध्ये बाजारात आली. सुमारे ३.१ मीटर लांबी, ६२४ घनसेंमीचे मागील बाजूचे इंजिन आणि चार मीटरची वळणत्रिज्या यांमुळे पेठेतील वापरासाठी आराखडा म्हणून ती निःसंशय अनुरूप होती. मागील इंजिन व हलका बांधा या दोन बाबतींत ‘मीरा’शी तिचे साम्य दिसते, मात्र त्यावरून एकीचा दुसरीवर प्रभाव पडला असे अनुमान काढणे उचित ठरणार नाही.

सिंगूर येथून साणंद येथे झालेले स्थलांतर, उत्पादनातील विलंब आणि काही गाड्यांना आग लागल्याच्या घटना ही तिच्या अपयशाची ज्ञात कारणे आहेत. परंतु याहून खोल कारण सामाजिक आहे. ‘सर्वांत स्वस्त’ ही ओळखच तिला भोवली, हे स्वतः टाटा यांनीही नंतर मान्य केले. स्कूटरवरून मोटारीवर येणाऱ्या कुटुंबाला केवळ छप्पर नको होते. त्याला दारात उभी राहील अशी प्रतिष्ठा हवी होती. त्याच पैशांत किंवा थोडे अधिक घालून वापरलेली मारुती ८०० घेणे अनेकांना अधिक शहाणपणाचे वाटले असल्यास नवल नाही. २०१८ नंतर नॅनोचे उत्पादन व्यवहारतः बंद झाले.

९. देवराष्ट्रे, २०२१

यशवंतराव चव्हाण यांचे जन्मगाव असलेल्या देवराष्ट्रे येथील एका कारागिराने मुलाच्या हौसेखातर सुमारे साठ हजार रुपयांत एक छोटी चारचाकी तयार केली. दुचाकीप्रमाणे किक मारून ती सुरू होत असे. समाजमाध्यमांतून तिची कीर्ती पसरल्यावर महिंद्र समूहाचे आनंद महिंद्र यांनी तिच्या बदल्यात नवी बोलेरो देऊ केली आणि जानेवारी २०२२ मध्ये हा व्यवहार पूर्ण झाला. ही गाडी नियमांत बसत नसल्याने आज ना उद्या रस्त्यावर अडवली जाईल, हेही त्यांनी त्याच वेळी नमूद केले होते.

या घटनेचे सर्वत्र कौतुक झाले. तथापि इतिहासाच्या अभ्यासकाने तिच्यातील दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. कारागिराला बक्षीस मिळाले, पण त्याच्या गाडीला रस्ता मिळाला नाही. ‘मीरा’च्या काळी अडथळा उत्पादन-परवान्याचा होता, आज तो सुरक्षितता व प्रदूषणाच्या मानकांचा आहे. जुलै २०१९ पासून चालकासाठी एअरबॅग अनिवार्य झाली आणि १ एप्रिल २०२० पासून भारत-६ मानके लागू झाली. या दोन अडथळ्यांना एकाच मापाने मोजणे अन्यायाचे होईल. पहिला निर्बंध मूठभर उत्पादकांचे हित जपणारा होता, दुसरा माणसाचा जीव जपणारा आहे. परंतु दोन्हींचा स्थानिक कारागिरावरील परिणाम सारखाच झाला. त्याचे कौशल्य कौतुकाचा विषय ठरले, उत्पादनाचा नाही.

याच बदलामुळे दुरुस्तीचा निकषही पालटला आहे. कार्ब्युरेटरचे इंजिन पुराच्या पाण्यातून काढून, खोलून, वाळवून पुन्हा जोडता येत असे; आजच्या गाडीतील इलेक्ट्रॉनिक नियंत्रक भिजला की बहुधा तो बदलावाच लागतो. गाडी अधिक सुरक्षित व स्वच्छ झाली, पण गावातल्या मेकॅनिकच्या हातून सुटली.

१०. निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

(१) परवडणे हा केवळ किमतीचा गुण नसून परवाना, इंधन, दुरुस्ती व पुनर्विक्री यांच्या एकत्रित व्यवस्थेचा गुण आहे. मारुती ८०० ला ही व्यवस्था लाभली. ‘मीरा’ला परवाना व पाठबळ लाभले नाही, तर नॅनोला ग्राहकाचा विश्वास लाभला नाही.

(२) ‘छोटी मोटार’ ही संज्ञा अभियंत्यांइतकीच करप्रणालीनेही घडवली आहे. २००६ च्या अर्थसंकल्पातील उत्पादनशुल्क सवलत आणि २२ सप्टेंबर २०२५ पासून लागू झालेला १८ टक्के वस्तू व सेवा कर, या दोन्हींसाठी चार मीटर लांबीची मर्यादा धरलेली आहे. या मर्यादेत साडेतीन मीटरची साधी मोटार आणि चार मीटरला टेकलेली महागडी मोटार एकाच पंक्तीत बसतात. शहरातील जागेची बचत हा हेतू असेल, तर ही मर्यादा पुरेशी सूक्ष्म नाही.

(३) सातारा-सांगली परिसरात यंत्रकौशल्याची उणीव कधीच नव्हती. उणीव होती ती एकट्याच्या नमुन्याला तपासणी, सुधारणा आणि मर्यादित उत्पादनापर्यंत नेणाऱ्या संस्थात्मक दुव्याची. मानके शिथिल न करता हा दुवा उभारता येणे शक्य आहे आणि त्यात अभियांत्रिकी महाविद्यालयांची भूमिका मध्यवर्ती ठरू शकते. शहरी वापराच्या छोट्या विद्युत वाहनांमुळे ही संधी पुन्हा आली आहे, कारण त्यांच्या यंत्रणेत हलत्या भागांची संख्या कमी असते.

(४) ‘मीरा’संबंधी आराखडे, पत्रव्यवहार, छायाचित्रे आणि तिच्यावर काम केलेल्यांच्या आठवणी यांचे पद्धतशीर संकलन होणे अगत्याचे आहे. इतिहास व अभियांत्रिकी या दोन विभागांनी एकत्र येऊन करण्याजोगा हा प्रकल्प आहे. बाजारात न आलेल्या वस्तूची नोंद विक्रीच्या आकड्यांत होत नाही. ती विद्यापीठीय संशोधनानेच घ्यावी लागते. ही जबाबदारी आपण स्वीकारली नाही, तर दक्षिण महाराष्ट्राने मोटारी केवळ विकत घेतल्या, बांधल्या नाहीत, असा समज पुढील पिढीत रूढ होईल आणि तो वस्तुस्थितीला धरून नसेल.