पायरी राखण्याची गोष्ट

मोबाईलवर बीजीएमआय खेळणारी मुले आज गोव्याच्या वाड्यावाड्यांवर दिसतात. त्यांच्या बोलण्यात ब्राँझ, सिल्व्हर, गोल्ड, प्लॅटिनम, डायमंड, क्राऊन अशा पायऱ्यांची नावे सतत येत असतात. चांगले खेळलात तर गुण वाढतात, लवकर बाद झालात तर घटतात, आणि गुण फारच घटले की पायरी उतरावी लागते. पण याच खेळात एक कार्डही मिळते. ते वापरले की हरल्यावरही गुण जात नाहीत. खेळ म्हणजे हारजीत, एवढेच मानणाऱ्या माणसाला हा प्रकार लबाडीचा वाटेल. गंमत अशी की हरणाऱ्याची पायरी राखण्याची ही रीत ना या मुलांनी शोधली, ना संगणकाने. ती बरीच जुनी आहे आणि तिच्यामागचा विचार समजून घेण्यासारखा आहे.

आधी जपानच्या सुमो कुस्तीकडे पाहू. तेथे वर्षाला सहा मोठ्या स्पर्धा होतात आणि वरच्या गटातील मल्ल प्रत्येक स्पर्धेत पंधरा कुस्त्या लढतो. आठ जिंकल्या तर क्रम वर सरकतो, त्याहून कमी जिंकल्या तर खाली येतो. हा नियम बहुतेकांना लागू आहे, पण अगदी वरच्या दोन पायऱ्यांना नाही. ओझेकी हा दुसऱ्या क्रमांकाचा मान. तो मिळालेला मल्ल एका स्पर्धेत अपयशी ठरला तर त्याला सांभाळून घेतले जाते. लागोपाठ दुसऱ्या स्पर्धेतही अपयश आले तरच त्याची पायरी जाते, आणि लगेचच्या पुढच्या स्पर्धेत दहा कुस्त्या जिंकल्यास ती परत मिळते. सर्वात वरचा योकोझुना तर कधीच खाली येत नाही. मात्र या संरक्षणाची किंमत जबर आहे. आपल्या मानाला साजेसा खेळ होत नाही असे दिसले की त्याने निवृत्त व्हावे अशी अपेक्षा असते. त्याला खाली उतरण्याची वाटच नाही, थेट घरी जाण्याची आहे.

बुद्धिबळाने वेगळी तोड काढली. जागतिक बुद्धिबळ महासंघाने म्हणजे फिडेने १९५० साली अधिकृतपणे ग्रँडमास्टर हा किताब द्यायला सुरुवात केली, तेव्हा पहिल्या यादीत २७ खेळाडू होते. त्यांत अकिबा रुबिनस्टाईन हे नाव होते. पहिल्या महायुद्धापूर्वी जगातील सर्वोत्तम खेळाडूंत गणला गेलेला हा माणूस मनाच्या आजारामुळे १९३० च्या दशकाच्या आरंभीच स्पर्धांतून बाहेर पडला होता. १९५० साली त्याची ताकद किती उरली आहे, हा प्रश्नच कोणी विचारला नाही. किताब होता तो त्याने पूर्वी जे करून दाखवले त्याचा. म्हणूनच तो आजन्म असतो, नंतरच्या हारजितीने जात नाही.

पण मग आजची ताकद कशी मोजायची? त्याचे उत्तर दिले अर्पाड एलो यांनी. हंगेरीत १९०३ साली जन्मलेले आणि अमेरिकेतील मिलवॉकी येथे भौतिकशास्त्र शिकवणारे हे प्राध्यापक स्वतः उत्तम बुद्धिबळपटू होते. त्यांची मोजणीची पद्धत अमेरिकेच्या महासंघाने १९६० साली आणि फिडेने १९७० साली स्वीकारली. दोन खेळाडूंच्या रेटिंगमधील फरकावरून निकालाची अपेक्षा काढायची आणि प्रत्यक्ष निकाल तिच्याहून जितका वेगळा लागेल तितके गुण इकडचे तिकडे करायचे, असे तिचे सूत्र. २०० गुणांचा फरक असेल तर वरच्या खेळाडूने शंभरातील सुमारे ७६ गुण मिळवावेत अशी अपेक्षा असते. सारख्या रेटिंगचे दोघे खेळले आणि एक जिंकला, तर त्याला मिळालेले दहा गुण हरलेल्याच्या खात्यातून येतात. या हिशेबात दयामाया नाही, आणि नसावीच.

म्हणजे बुद्धिबळाने दोन वह्या ठेवल्या. एक मानाची, जिच्यात लिहिलेले खोडले जात नाही. दुसरी ताकदीची, जी दर महिन्याला नव्याने लिहिली जाते. गोव्याचा पहिला ग्रँडमास्टर अनुराग म्हामल याला हा किताब २०१७ साली मिळाला. लिऑन मेंडोन्सा २०२१ च्या आरंभी, वयाच्या चौदाव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला. त्यासाठी तीन स्पर्धांत ठरलेल्या दर्जाची कामगिरी लागते आणि रेटिंग एकदा तरी २५०० ला पोचावे लागते. पुढे ते खाली आले तरी नावामागचा किताब कायम राहतो. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये बुद्धिबळाचा विश्वचषक गोव्यात झाला, तेव्हा जगभरचे २०६ खेळाडू येथे आले होते. त्यांच्यातील प्रत्येकाच्या दोन्ही वह्या कोणालाही उघडून पाहता येत होत्या.

ताकदीच्या वहीतही संरक्षण शिरले, पण ते वेगळ्या कारणाने. अमेरिकेत रेटिंगनुसार गट पाडून रोख बक्षिसांच्या स्पर्धा होतात. तेव्हा काही हुशार मंडळी छोट्या स्पर्धांत मुद्दाम हरून रेटिंग पाडत आणि मोठ्या बक्षिसाच्या वेळी खालच्या गटात उतरत. त्यांना रोखण्यासाठी रेटिंगला तळ ठरवण्यात आला. खेळाडूच्या आजवरच्या सर्वोच्च रेटिंगमधून २०० वजा करायचे आणि खालच्या शतकावर आणायचे. १९४१ पर्यंत पोचलेल्याचा तळ १७००. तो कितीही हरला तरी त्याखाली जाणार नाही. हे संरक्षण वरवर त्याचे, पण खरे तर त्याच्यापुढे बसणाऱ्या साध्या खेळाडूचे आहे.

मात्र तळ घातला की हिशेब बिघडतो. तळावरचा माणूस हरला तर त्याचे गुण जात नाहीत, पण जिंकणाऱ्याला ते मिळतातच. कोणाच्याच खिशातून न गेलेले गुण बाजारात येतात, आणि असे सतत होत राहिले तर सर्वांचेच आकडे फुगतात. उलट घडते तेव्हाही दुरुस्ती करावी लागते. फिडेच्या यादीत खालच्या पातळीवरील रेटिंग वर्षानुवर्षे आक्रसत चालली होती. तेव्हा मार्च २०२४ मध्ये २००० च्या खाली असलेल्या प्रत्येकाला, तो २००० पासून जितका दूर होता त्या अंतराचे ४० टक्के गुण एकदाच वाढवून देण्यात आले. १५०० चा खेळाडू एका रात्रीत १७०० चा झाला. पण हे जाहीरपणे, सूत्र सांगून केले गेले.

संगणकीय खेळांनी एलोंचे गणित उचलले आणि वाढवले. मायक्रोसॉफ्टने २००५ साली एक्सबॉक्ससाठी ट्रूस्किल ही पद्धत आणली. तिच्यात ताकदीचा अंदाज आणि त्या अंदाजाची खात्री किती, हे दोन्ही मोजले जाते. लीग ऑफ लेजंड्स या खेळात सुरुवातीला एलो आकडा खेळाडूंना दिसत असे. २०१३ साली तो पडद्याआड गेला आणि समोर पायऱ्या आल्या. नव्या पायरीवर पोचल्यावर लगेच काही सामने हरलात तरी ती राहते. आतला आकडा मात्र घसरतच असतो, आणि पुढे प्रत्येक विजयाला कमी गुण मिळू लागले की खेळाडूला त्याची चाहूल लागते.

हे कशासाठी, याचे उत्तर हर्थस्टोन या पत्त्यांच्या खेळाने २०१७ मध्ये दिले. त्यात २५ पासून १ पर्यंत क्रम होते. एखाद्या टप्प्यावर पोचलेला खेळाडू खाली येण्याच्या धास्तीने नवा डाव करून पाहीना, आणि काही जण तर खेळणेच थांबवीत. म्हणून १५, १० आणि ५ या क्रमांकांवर तळ घालण्यात आले. तेथे पोचलेला त्या महिन्यात त्याखाली येणार नाही. आता निर्धास्त हरा, नवे काही शिका, असा त्याचा अर्थ. हा विचार मला मनापासून पटतो. हरण्याला भिणारा खेळाडू शिकत नाही, हे कोणताही गायनमास्तर किंवा क्रिकेटचा प्रशिक्षक सांगेल.

पण फुगवट्याचे काय? या खेळांनी त्यावर ठरावीक मुदतीने पुसून टाकण्याचा उपाय योजला. महिना किंवा मोसम संपला की सर्वांना खाली आणायचे आणि पुन्हा चढायला लावायचे. मोसमभर राखलेली पायरी मोसमाच्या शेवटी जाते. ग्रँडमास्टर आजन्म ग्रँडमास्टर असतो, पण डायमंडवाल्याला आपले डायमंडपण दर मोसमात नव्याने सिद्ध करावे लागते. खेळणारा त्यामुळे खेळत राहतो, आणि खेळवणाऱ्या कंपनीला नेमके तेच हवे असते.

खरा फरक मला येथे दिसतो. दोन वह्या बुद्धिबळातही आहेत आणि मोबाईलच्या खेळातही. बुद्धिबळात दोन्ही उघड्या आहेत. तिकडे बहुधा मानाची वही समोर असते, ताकदीची कपाटात, आणि किल्ली कंपनीच्या हातात. गुण वाचवणारे कार्ड बक्षीस म्हणून वाटले जाऊ लागले की पायरीचा किती भाग खेळाचा आणि किती भाग कार्डांचा, हे पाहणाऱ्याला कळत नाही.

मुलांचा खेळ म्हणून हे सोडून देता आले असते. पण ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने केलेल्या कायद्याने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालताना ई-स्पोर्ट्सना मात्र स्पर्धात्मक खेळ म्हणून मान्यता दिली आहे. उद्या या पायऱ्या निवडीसाठी पुढे केल्या जातील, कदाचित नोकरीच्या अर्जातही येतील. तेव्हा पायरी जरूर राखावी, पडण्याची भीती कमी करावी. फक्त आपला खरा आकडा किती, हे विचारण्याचा आणि पाहण्याचा हक्क खेळणाऱ्या मुलाला हवा. पायरी कोणत्या नियमाने राखली गेली, हेही त्याला ठाऊक असायला हवे.