जठरातील बिऱ्हाडकरू

आमच्या मामांच्या कोटाच्या खिशात खाण्याच्या सोड्याची एक चपटी पत्र्याची डबी असे. जेवणानंतर दोन-अडीच तासांनी त्यांच्या कपाळाला आठी पडे, हात बेंबीच्या वर एका ठरलेल्या जागी जाई आणि डबी बाहेर निघे. चिमूटभर सोडा, घोटभर पाणी, एक दीर्घ ढेकर. की मामा पुन्हा माणसांत. डॉक्टर सांगत, "तिखट सोडा, चहा सोडा, काळजी करणे सोडा." मामा म्हणत, "सगळे सोडतो; सोडा तेवढा राहू द्या."

विनोद खरा, पण त्याखाली एक अपमान होता. पोटात व्रण म्हणजे स्वभावात खोट, असे घरीदारी सर्वांनी धरून ठेवले होते. मामा तापट, मामा काळजीखोर, मामांना ठेच्याशिवाय भाकरी उतरत नाही. मग दुसरे काय होणार? १९६९ साली त्यांच्या जठराचा मोठा भाग कापून काढला. शस्त्रक्रियेनंतर भेटायला आलेली माणसे मोसंब्यांबरोबर उपदेशही घेऊन येत. क्षयाच्या रोग्याची माणसे निदान कीव करतात. अल्सरच्या रोग्याला मात्र पथ्याबरोबर पश्चात्तापही करावा लागे.

यात आमच्या आप्तांचा एकट्यांचा दोष नव्हता. त्या काळचे वैद्यकशास्त्रच तसे बोलत होते. १९१० साली झाग्रेबच्या कार्ल श्वार्त्स या शल्यवैद्याने सिद्धान्त मांडला की जेथे आम्ल नाही तेथे व्रण नाही. या एका वाक्यावर पाऊण शतक निघाले. शिकागोच्या सिप्पी नावाच्या डॉक्टरने १९१५ मध्ये तासातासाला दूध, साय आणि क्षारांच्या पुड्या देण्याची पद्धत घालून दिली. शल्यवैद्यांनी जठरे कापली, जठराकडे जाणाऱ्या मज्जातंतू तोडल्या. पुढे १९७६ साली सिमेटिडिन आले. ते शोधणाऱ्या जेम्स ब्लॅक यांना १९८८ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले, आणि ते योग्यच होते. व्रण भरून येई. पण गोळी थांबली की पुष्कळांचा व्रण वर्षा-दोन वर्षांत उधारी वसूल करायला आल्यासारखा परत दारात उभा राही.

आपल्याकडेही शोध चालला होता. रेल्वेचे एक डॉक्टर, एस्. एल्. मल्होत्रा, यांनी १९६० च्या दशकात रेल्वे नोकरांच्या दुखण्यांचा अभ्यास करून दाखवले की दक्षिणेकडच्या भात खाणाऱ्या लोकांत हा व्रण अधिक, उत्तरेकडच्या गहू खाणाऱ्यांत कमी. त्यांनी त्याचे कारण आहारात आणि चावून खाण्यात शोधले. निरीक्षण मोलाचे होते. पण जे कोणी शोधत नव्हते ते कोणाला सापडणार?

खरे म्हणजे ते सापडलेले होते. एकदा नव्हे, अनेकदा. इटलीच्या बिझोझेरो यांना १८९३ साली कुत्र्याच्या जठरात मळसूत्रासारखे पिळदार जंतू दिसले. १८९९ मध्ये क्रॅकोच्या वालेरी याव्होर्स्की यांनी माणसाच्या जठरातील गाळात तसेच जंतू पाहिले आणि जठराच्या रोगांशी यांचा संबंध असू शकेल, अशी शंकाही लिहून ठेवली. त्यांचा तो ग्रंथ पोलिश भाषेत होता. पोलंडबाहेर तो फारसा कोणी वाचला नाही. मराठीत लिहिणाऱ्याला हे वाचून आश्चर्य वाटणार नाही, एवढेच म्हणतो. १९४० साली अमेरिकेत फ्रीडबर्ग आणि बॅरन यांनी कापून काढलेल्या जठरांवर चांदीच्या क्षाराचा रंग चढवला, तेव्हा तिसऱ्या हिश्शाहून अधिक जठरांत हे जंतू निघाले.

मग १९५४ मध्ये पामर या अमेरिकन तज्ज्ञाने हजाराहून अधिक रोग्यांच्या जठराचे तुकडे तपासले आणि एकाही तुकड्यात जंतू नाही, असा निकाल दिला. आधीच्यांना दिसले ते मृत्यूनंतर शिरलेले किंवा तोंडातून गेलेले असावेत, असे त्याचे म्हणणे. पामरने चांदीचा रंग वापरला नव्हता. नेहमीच्या रंगात हे जंतू सहसा नजरेत भरत नाहीत. पण आकडा एवढा मोठा होता की पुढची पंचवीस-तीस वर्षे पुस्तके म्हणत राहिली, जठर आम्लाने निर्जंतुक असते. एवढ्या तेजाबात कोण राहील?

ग्रीसमधील मिसोलोंगी या गावच्या जॉन लिकूडिस नावाच्या डॉक्टरची कथा मला या सगळ्यांत अधिक चटका लावते. स्वतःच्या पोटाच्या दुखण्यावर त्याने १९५८ मध्ये जंतुनाशक औषध घेतले आणि गुण आला. मग त्याने हजारो रोग्यांना तशी औषधे दिली. नियतकालिकांनी त्याचा लेख नाकारला, सरकारने औषधाला मान्यता दिली नाही आणि १९६८ साली त्याला ४,००० ड्राख्मांचा दंड झाला. तो १९८० मध्ये वारला. मात्र त्याच्याजवळ जंतू नव्हता. केवळ बरे झालेले रोगी होते. शास्त्राला एवढ्यावर पटत नाही. पटू नये हेही बरोबरच, पण दंड कशासाठी?

अखेर जंतू सापडला तो ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम टोकाला, पर्थ येथे. रॉबिन वॉरन हे रॉयल पर्थ हॉस्पिटलमध्ये विकृतिशास्त्रज्ञ. ११ जून १९७९ हा त्यांचा बेचाळिसावा वाढदिवस. त्या दिवशी जठराच्या एका तुकड्यावर त्यांना एक निळसर रेघ दिसली. भिंग वाढवता वाढवता त्या रेघेचे जंतू झाले. चांदीचा रंग चढवताच सहकाऱ्यांनाही दिसले. त्याहून महत्त्वाचे म्हणजे, जेथे जंतू तेथे जुनाट दाह, हे त्यांच्या ध्यानात आले. दोन वर्षे त्यांनी एकट्याने तुकडे जमवले. १९८१ मध्ये बॅरी मार्शल हा तिशीतला शिकाऊ डॉक्टर काही संशोधनाचे काम हवे म्हणून त्यांच्याकडे आला.

१९८२ साली दोघांनी शंभर रोगी तपासले. सूक्ष्मदर्शकात जंतू दिसत, पण प्रयोगशाळेत वाढत मात्र नसत. नियमाप्रमाणे दोन दिवस वाट पाहून बश्या फेकून देत. एप्रिलात ईस्टरची सुट्टी आली, कामाच्या रेट्यात बश्या तशाच उबेत राहिल्या आणि पाच दिवसांनी पाहतात तो जंतूंची वसाहत! या जंतूंना दोन दिवस पुरतच नव्हते. शंभरांपैकी ५८ जणांत जंतू दिसले. आद्यांत्रात व्रण असलेल्या तेराही जणांत ते होते.

पुढच्या वर्षी ऑस्ट्रेलियातील पोटाच्या डॉक्टरांच्या परिषदेकडे निबंध पाठवला, तर उत्तर आले की ६७ निबंध आले, ५६ स्वीकारले, तुमचा त्यांत नाही. डुकरांच्या पिलांवर केलेले प्रयोग फसले. तेव्हा १९८४ मध्ये मार्शलने आधी स्वतःचे जठर निरोगी असल्याचे दुर्बिणीने तपासून घेतले आणि मग जंतूंचा काढा प्याला. काही दिवसांत पोट जड झाले, पहाटे उलट्या सुरू झाल्या, तोंडाला घाण येऊ लागली; ही शेवटची गोष्ट पत्नीने सांगितली. त्या उलट्यांत आम्ल नव्हते. दहाव्या दिवशी जठरात जंतूही होते, दाहही होता. मग पत्नीच्या आग्रहाने औषध घ्यावे लागले. हा वेडेपणा होता, यात शंका नाही. आणि त्याने सिद्ध झाला तो दाह, व्रण नव्हे, हेही नोंदले पाहिजे.

हा जंतू तेजाबात राहतो कसा? त्याच्याजवळ युरिएज नावाचे किण्वक असते. त्याच्या बळावर तो जठरातील युरियापासून अमोनिया बनवतो आणि स्वतःभोवतीचे आम्ल मारतो. मग शेपट्यांच्या जोरावर मळसूत्रासारखा चिकट आवरणात शिरून आतल्या पेशींना बिलगून बसतो. शरीर पांढऱ्या पेशींची फौज धाडते, पण ती त्याला हुसकावू शकत नाही. लढाई पन्नास-पन्नास वर्षे चालते. जुनाट जठरदाह म्हणतात तो हाच. जठराच्या खालच्या टोकाला हा दाह असला की आम्लाला आवर घालणारी यंत्रणा बिघडते, आम्ल वाढते आणि ते पुढच्या आतड्याला खाते. म्हणजे श्वार्त्स चुकीचा नव्हता. त्याने मारेकरी पाहिला, सुपारी देणारा पाहिला नाही. पूर्वीचे डॉक्टर बिस्मथ देत, त्याने गुण येई. बिस्मथ हे जंतू मारते, हे ठाऊक नसताना ते देत होते.

हा बिऱ्हाडकरू बहुधा बालपणीच, घरच्याच माणसांकडून येतो. भारतात निम्म्याहून अधिक प्रौढांच्या पोटात तो असतो आणि बहुतेकांना जन्मभर पत्ता लागत नाही. व्रण होतो तो थोड्यांनाच, आणि वेदनाशामक गोळ्यांनीही होतो. तेव्हा सगळे पाप जंतूच्या माथी मारणेही बरे नव्हे. ओळख जुनी आहे. आल्प्सच्या बर्फात सापडलेल्या ५,३०० वर्षांपूर्वीच्या माणसाच्या जठरातही २०१६ साली हाच जंतू सापडला, आणि त्याचे नाते आज युरोपात आढळणाऱ्या जंतूंपेक्षा मध्य व दक्षिण आशियातील, म्हणजे आपल्याकडच्या, जंतूंशी अधिक जवळचे निघाले.

१९८९ मध्ये त्याला हेलिकोबॅक्टर पायलोरी हे नाव मिळाले. १९९४ मध्ये अमेरिकेच्या आरोग्य संस्थेने बोलावलेल्या परिषदेने व्रणावर जंतुनाशके द्यावीत असा निर्वाळा दिला. त्याच वर्षी जठराच्या कर्करोगाच्या कारणांतही त्याची नोंद झाली. २००५ चे नोबेल पारितोषिक वॉरन आणि मार्शल यांना मिळाले. तेव्हा फ्रीडबर्ग सत्त्याण्णव वर्षांचे होते.

मामेभावाला १९९८ मध्ये तेच दुखणे लागले. दुर्बीण घातली, तुकडा तपासला, दोन आठवड्यांच्या गोळ्या झाल्या आणि दुखणे गेले. ऐंशीच्या घरातले मामा गोळ्यांची रिकामी पाकिटे उलटसुलट करून पाहत होते. मी त्यांना जंतूची हकीकत सांगितली. ती त्यांनी शेवटपर्यंत ऐकली आणि मोठ्याने म्हणाले, "म्हणजे माझा स्वभाव तापट नव्हता तर!"

स्वयंपाकघरातून मामी म्हणाल्या, "तो होताच. त्याचे जंतू वेगळे."